हा उजेड कुठून येतोय?

जुन्या मराठी चित्रपटांच्या श्रेयनामावलीत 'छायालेखन' असा शब्द यायचा. एखाद-दोन सेकंद पडद्यावर थांबायचा आणि मग 'संकलन' यायचं. कॅमेरामनला लेखकाच्या पंगतीत बसवणारा हा शब्द मला फार आवडतो. गंमत अशी की हे छायालेखक शाईनं सहसा काही लिहीत नाहीत. दिग्दर्शक आत्मचरित्रं लिहितात, नटनट्या लिहितात किंवा लिहवून घेतात. कॅमेरामन मात्र पॅकअप झालं की घरी जाऊन झोपतो आणि पहाटे सूर्याच्या आधी पुन्हा सेटवर हजर असतो. त्यानं काय केलं ते पडद्यावर दिसतं. का केलं, ते त्याच्याबरोबरच जातं.

युरोपात काही छायालेखकांनी मात्र मागे पुस्तकं ठेवली. फ्रान्सच्या आंरी आलेकाननं १९८४ साली उजेड-सावल्यांवर एक मोठा ग्रंथच लिहिला. इटलीचा व्हित्तोरियो स्तोरारो रंगांचं तत्त्वज्ञान खंडांमागून खंडांत मांडत राहिला. स्वीडनच्या स्वेन निक्विस्तनं म्हातारपणी आठवणी लिहिल्या. या सगळ्यांत मला जवळचा वाटतो तो नेस्तोर आल्मेंद्रोस. बार्सिलोनात जन्मलेला, हवानात घडलेला, पॅरिसमध्ये नावारूपाला आलेला आणि हॉलिवुडमध्ये ऑस्कर मिळवलेला. जवळचा वाटण्याचं कारण असं की बाकीचे आधी छायालेखक होते आणि मग लेखक झाले. याचा प्रवास उलटा. हा आधी सिनेमाविषयी लिहायचा, आणि त्या लिहिण्यातली 'हे असं का?' विचारायची खोड घेऊन तो कॅमेऱ्यामागे गेला.

ती खोड कळायची तर आधी कामाबद्दल थोडं बोलावं लागेल.

छायालेखक म्हणजे कॅमेरा चालवणारा, ही समजूत अर्धीच खरी. मोठ्या सेटवर कॅमेऱ्याला डोळा लावणारा ऑपरेटर वेगळा, फोकस सांभाळणारा वेगळा, दिवे चढवणारे लाइटमन वेगळे. छायालेखकाचं मुख्य काम ठरवण्याचं. उजेड कुठून येईल, किती येईल, कशावर पडेल आणि काय अंधारात राहील, हे तो ठरवतो. खोली तीच, नट तेच, संवाद तेच. दिवा डावीकडून उजवीकडे नेला तर प्रसंगाचा सूर बदलतो.

स्टुडिओच्या जमान्यात यासाठी एक ठरलेली रीत होती. चेहऱ्यावर मुख्य दिवा, तो की लाइट. त्यानं पडलेली सावली हलकी करायला दुसरा, तो फिल लाइट. आणि नटाच्या मागून तिसरा, बॅक लाइट, म्हणजे केसांची आणि खांद्यांची कड उजळते आणि माणूस मागच्या भिंतीपासून सुटून दिसतो. रीत चुकीची नव्हती. तिच्यातून अप्रतिम चित्रपट निघाले. पण रीत एकदा अंगवळणी पडली की तिला कुणी प्रश्न विचारत नाही. म्हणूनच आपण असली दृश्यं पाहत आलो: झोपडीत मध्यरात्र, कोपऱ्यात रॉकेलची एक मिणमिणती चिमणी, आणि नायिकेच्या केसांना मात्र चंदेरी झालर. ती झालर कुठून आली? छपरावर कोण टॉर्च घेऊन बसलंय?

आल्मेंद्रोसचा सगळा सिद्धांत, त्याला सिद्धांत म्हणायचं तर, या एका प्रश्नात मावतो. खोलीत पाऊल टाकलं की तो आधी बघायचा: इथं खरोखर उजेड कुठून येतो? खिडकीतून? मग मुख्य उजेड खिडकीच्या बाजूनंच आला पाहिजे. रात्र आहे? मग टेबलावरचा दिवा, शेकोटी, बाहेरचा रस्त्यावरचा खांब, जे काही असेल ते. फिल्मला तेवढा उजेड पुरत नसेल तर वाढवायचा, पण ज्या दिशेनं आणि ज्या जातीचा तो मुळात येतोय तसाच वाढवायचा. दृश्यात ज्याचं कारण सापडत नाही असा दिवा लावायचा नाही. आपण कल्पनाशक्तीवर चालत नाही, शोध घेतो, असं तो स्वतःच्या कामाबद्दल सांगायचा.

'जातीचा' म्हणालो त्यात बरंच काही आहे. उजेडाची जात म्हणजे तो कडक की मऊ, आणि हे घरी पाच मिनिटांत तपासता येतं. रात्री खोलीतले दिवे घालवा, मोबाइलचा टॉर्च लावा आणि त्याच्यासमोर पंजा धरा. भिंतीवर बोटांची सावली कात्रीनं कापल्यासारखी उमटेल. आता तोच टॉर्च पांढऱ्या छताकडे वळवा. सावली विरघळते, बोटं कुठं संपतात ते कळेनासं होतं. टॉर्च तोच आहे, पण आता उजेड टिकलीएवढ्या बिंदूतून येत नाही, अख्ख्या छतावरून येतोय. उजेडाचा उगम जितका पसरट, तितकी सावली मऊ. श्रावणातल्या ढगाळ दुपारी फोटो चांगले का येतात याचं उत्तरही हेच. तेव्हा सूर्याच्या जागी सगळं आभाळच दिवा झालेलं असतं.

असा परतवलेला उजेड वापरण्याला बाउन्स लायटिंग म्हणतात. याचं श्रेय वाटताना युरोपची नावं आधी येतात. पण सत्यजित राय यांचे छायालेखक सुब्रतो मित्र यांनी १९५६ च्या 'अपराजितो'साठी हे कोलकात्याच्या स्टुडिओत करून दाखवलं होतं. बनारसच्या घराचं मधलं अंगण सेटवर उभारलेलं. अशा अंगणात उजेड वरून, आभाळातून, झिरपत येतो. स्टुडिओच्या दिव्यांनी तो येईना. मित्रांनी सेटवर पांढरं कापड ताणलं आणि खालून दिवे त्याच्यावर मारले. आल्मेंद्रोसचा पहिला कथापट यानंतर दहा वर्षांनी चित्रित झाला. मित्रांनी आल्मेंद्रोससारखं पुस्तक लिहिलं असतं तर श्रेयाची वाटणी थोडी वेगळी झाली असती, असं मला राहून राहून वाटतं. ज्यानं लिहून ठेवलं त्याचं नाव पुढं जातं, हे इथंही खरंच.

आता माणूस. जन्म ३० ऑक्टोबर १९३०, बार्सिलोना. वडील एर्मिनियो आल्मेंद्रोस शिक्षणतज्ज्ञ. फ्रेंच शिक्षक फ्रेने याच्या पद्धतीचे ते स्पेनमधले मोठे प्रचारक. ही पद्धत काय, तर शाळेत छापखाना ठेवायचा. मुलांनी स्वतःच्या अनुभवाचं स्वतः लिहायचं, अक्षरांचे खिळे जुळवायचे आणि छापायचं. वडिलांनी त्यावर १९३२ साली पुस्तकही काढलं. बघितलेलं नीट मांडता आलं पाहिजे, हा संस्कार घरातलाच म्हणायचा. स्पेनच्या यादवी युद्धात रिपब्लिकन बाजू हरली आणि १९३९ मध्ये वडिलांना देश सोडावा लागला. ते क्यूबात पोहोचले. नेस्तोर हुकूमशहा फ्रँकोच्या स्पेनमध्ये वाढला आणि १९४८ साली, अठराव्या वर्षी, वडिलांकडे हवानाला गेला.

हवानात त्यानं तत्त्वज्ञान आणि साहित्य शिकायला घेतलं, पण जीव रमला सिनेमात. पुढं क्यूबाचा नामवंत दिग्दर्शक झालेला तोमास गुतिएरेस आलेआ आणि पुढं नामवंत कादंबरीकार झालेला गिलेर्मो काब्रेरा इन्फान्ते हे त्याचे फिल्म सोसायटीतले मित्र. नंतर तो न्यूयॉर्कमध्ये सिटी कॉलेजात शिकला, रोमच्या सरकारी सिनेसंस्थेत जाऊन आला आणि निराश होऊन परतला. तिथं जी ठरलेली रीत शिकवत, तीच तर त्याला पटत नव्हती. मग अमेरिकेत एका कॉलेजात त्यानं स्पॅनिश शिकवलं. १९५९ मध्ये क्यूबात क्रांती झाली आणि हजारोंसारखा तोही उत्साहानं परतला.

नव्या सरकारी चित्रपट संस्थेसाठी तो माहितीपट करू लागला. खेड्यात वीज नाही, शेतकऱ्यांच्या झोपड्या आतून काळोख्या, आणि बाहेर कॅरिबियन ऊन रणरणतंय. त्यानं आरसे वापरले. बाहेर आरसा धरून ऊन खिडकीतून आत घ्यायचं आणि ते आतल्या वरच्या बाजूवर मारायचं, म्हणजे खाली मऊ होऊन पसरतं. घरात वाटी-भांड्याचा कवडसा पाडून मांजराला खेळवलेल्या कुणालाही ही युक्ती सुचेल. फरक एवढाच की यानं ती पुढं फ्रान्समध्येही वापरली.

याच काळात 'बोहेमिया' या हवानातल्या मोठ्या साप्ताहिकात तो चित्रपट परीक्षणं लिहायचा, आणि इथंच त्याच्या लिहिण्यानं त्याचं आयुष्य फिरवलं. १९६१ मध्ये 'पी. एम.' नावाचा एक छोटा माहितीपट आला. काब्रेरा इन्फान्तेचा भाऊ साबा आणि ओर्लांदो हिमेनेस लेआल या दोघांनी केलेला. विषय साधा: हवानाची रात्र, बारमध्ये नाचणारी, पिणारी माणसं. भाष्य नाही, घोषणा नाही. सरकारला तो चालला नाही; क्रांतीच्या काळात लोक असे मजेत कसे दाखवता? बंदी आली. आल्मेंद्रोसनं 'बोहेमिया'त त्याची स्तुती केली होती. त्याची नोकरी गेली. त्याच वर्षी जूनमध्ये फिदेल कास्त्रोनं राष्ट्रीय ग्रंथालयात लेखक-कलावंतांना बोलावून भाषण दिलं. त्याचा गाभा होता, क्रांतीच्या आत सगळं चालेल, क्रांतीच्या विरोधात काहीही नाही. आल्मेंद्रोसनं समुद्रकिनाऱ्यावरच्या माणसांवर केलेली स्वतःची छोटी फिल्मही अडकली. एका परीक्षणामुळं माणूस दुसऱ्यांदा निर्वासित झाला. वडील हवानातच राहिले आणि १९७४ मध्ये तिथंच वारले.

पॅरिसमध्ये पहिली तीन वर्षं त्यानं शिकवण्या करून काढली. मग १९६४ मध्ये एक दिवस आला. फ्रेंच दिग्दर्शक एरिक रोमेर रस्त्यावर एक लघुपट करत होता आणि आल्मेंद्रोस नुसताच बघायला गेला होता. कॅमेरामन काम सोडून निघून गेला. निर्माता बार्बे श्रोडरची पंचाईत झाली. हा पुढं होऊन म्हणाला, मी कॅमेरामन आहे. त्या दिवसापुरता कॅमेरा हातात मिळाला, चित्रण पसंत पडलं आणि पुढची सगळी कारकीर्द त्यातून निघाली. अशा गोष्टी सांगताना लोक 'नशीब' म्हणतात. मला दिसतं ते हे की त्या दिवशी तिथं उभ्या असलेल्या माणसाला रोमेरला काय हवंय हे नेमकं कळत होतं, कारण रोमेरही आधी समीक्षक होता. दोघंही चित्रपटांवर लिहून लिहून तिथवर आले होते.

मधली काही वर्षं त्यानं फ्रेंच शैक्षणिक दूरदर्शनसाठी माहितीपट केले. शिक्षकाच्या मुलाला हे काम कमीपणाचं वाटलं नाही. मग १९६६ मध्ये रोमेरबरोबर पहिला कथापट चित्रित केला. पैसे इतके कमी की बहुतेक शॉट एकदाच घ्यायचा, दुसरा टेक नाही. दिवे जवळपास नाहीतच. भूमध्य समुद्राकाठचं घर, खिडक्या, आरसे, ऊन. गरिबीतून आलेली ही पद्धत नंतर पैसे असतानाही त्यानं सोडली नाही, यावरून ती त्याची निवड होती हे कळतं.

रोमेरबरोबर त्यानं पुढं बरंच काम केलं आणि प्रत्येक वेळी 'का?' या प्रश्नाचं उत्तर वेगळं निघालं. १९६९ च्या 'माय नाइट ॲट मॉड्स'मध्ये हिवाळ्यातलं क्लेरमाँ-फेराँ शहर, एक धार्मिक तरुण, एक घटस्फोटित बाई आणि रात्रभर चाललेलं बोलणं. कृष्णधवल फिल्म. मॉडच्या खोलीतल्या पांढऱ्या भिंती आणि पलंगावरची पांढरी फर बघा: त्यावर माणसांचे काळे कपडे शाईसारखे उमटतात. पुढच्याच वर्षी 'क्लेअर्स नी'. ॲनसी सरोवर, उन्हाळा. इथं त्यांनी गोगँच्या चित्रांचा आधार घेतला: सपाट, स्वच्छ रंगांचे पट्टे, डोंगर निळेच, गवत हिरवंच. त्याच सुमाराला दिग्दर्शक फ्राँस्वा त्रुफोनं त्याला 'द वाइल्ड चाइल्ड'साठी बोलावलं. कथा अठराव्या शतकाच्या शेवटी जंगलात सापडलेल्या मुलाची, म्हणून पुन्हा कृष्णधवल, आणि प्रसंग संपताना मूकपटांच्या काळासारखं काळं वर्तुळ आवळत जातं आणि मुलाचा चेहरा तेवढा उरतो. त्रुफोबरोबर त्याचे एकूण नऊ चित्रपट झाले. त्यातल्या १९८० च्या 'द लास्ट मेट्रो'साठी त्याला फ्रान्सचा सेझार पुरस्कार मिळाला.

पण त्याची गोष्ट सांगायची तर जास्त वेळ थांबायला हवं ते कॅनडातल्या अल्बर्टाच्या गव्हात.

साल १९७६. दिग्दर्शक टेरेन्स मॅलिक 'डेज ऑफ हेवन' करत होता. गोष्ट टेक्सासमधली, १९१६ च्या आसपासची: शेतावर कामाला आलेले हंगामी मजूर, श्रीमंत शेतमालक, एक प्रेमत्रिकोण. वीज यायच्या आधीचं जग. मॅलिकनं ठरवलं की बाहेरचे बरेच प्रसंग सूर्य बुडाल्यानंतर आणि काळोख पडायच्या आधी घ्यायचे. कॅमेरामन लोक याला मॅजिक अवर म्हणतात. आल्मेंद्रोसनं लिहून ठेवलंय की हे नाव म्हणजे निव्वळ शोभेचं आहे, कारण मिळतात जेमतेम २०-२५ मिनिटं. आपल्याकडे यासाठी जादूबिदू न लावता कातरवेळ असा नेमका शब्द आहे. दिवस आणि रात्र यांच्यामध्ये कातरलेला तुकडा.

या वेळी उजेड इतका वेगळा का दिसतो? सूर्य क्षितिजाखाली गेलेला असतो, म्हणून थेट ऊन नाही, म्हणून जमिनीवर सावल्या नाहीत. पण वरचं आभाळ अजून उजळलेलं असतं आणि तेच खाली उजेड पाडतं. छताकडे वळवलेल्या टॉर्चचा प्रयोग आठवा. इथं छत म्हणजे क्षितिजापासून क्षितिजापर्यंतचं आकाश. चेहरे, गहू, घोडे, सगळं आतून उजळल्यासारखं दिसतं आणि उजेड कुठून येतोय ते सांगता येत नाही. अल्बर्टात ही वेळ मुंबईपेक्षा जरा जास्त रेंगाळते, कारण उत्तरेकडे सूर्य तिरका, घसरत घसरत मावळतो. आपल्याकडे तो जवळजवळ सरळ खाली उतरतो आणि पटकन अंधारतं.

अडचण उजेडाच्या कमतरतेची. तेव्हाच्या कोडॅक फिल्मची संवेदनशीलता होती १०० एएसए (एएसए हे ती मोजायचं माप). आजच्या सिनेमाच्या डिजिटल कॅमेऱ्यांत ८०० हा सर्वसाधारण आकडा आहे, म्हणजे आठपट कमी उजेडात काम भागतं. तेव्हा भागत नव्हतं. म्हणून मिनिटामिनिटाला एकेक उपाय बाहेर निघायचा. आधी लॅबला सांगून फिल्म नेहमीपेक्षा जास्त वेळ धुवायची, म्हणजे ती जणू जास्त संवेदनशील होते. मग भिंग बदलायचं, सगळ्यात मोठं तोंड उघडणारं लावायचं. मग भिंगावरचा नारिंगी फिल्टर काढायचा. ही फिल्म मुळात दिव्यांच्या पिवळट उजेडासाठी बनवलेली, दिवसाचा उजेड तिला निळा दिसतो, म्हणून बाहेर हा फिल्टर लावतात. पण तो एक तृतीयांशाहून जास्त उजेड खातो. काढला तर चित्र निळं होतं, ते नंतर प्रिंट काढताना सावरून घ्यायचं.

आणि अगदी शेवटी, अंधार गिळायला लागला की, शेवटचा उपाय. सिनेमाचा कॅमेरा सेकंदाला २४ चित्रं घेतो, म्हणजे एकेका चित्राला उजेड मिळतो सेकंदाचा साधारण पन्नासावा भाग. कॅमेरा १२ वर आणला तर प्रत्येक चित्राला दुप्पट वेळ मिळतो, ८ वर आणला तर तिप्पट. पण असं चित्रण नेहमीच्या वेगानं दाखवलं की माणसं चार्ली चॅप्लिनसारखी तुरुतुरु पळतात. म्हणून नटांना सांगायचं, हळू चाला, मान हळू वळवा, हात हळू उचला. त्या गव्हात, थंडी पडत असताना, माणसं पाण्याखाली असल्यासारखी हलतायत आणि कॅमेरा मंद घरघरतोय, असं ते चित्र असणार. पडद्यावर मात्र सगळं नेहमीच्या गतीचं.

आता हॉलिवुडच्या लाइटमन मंडळींच्या बाजूनंही बघा. आयुष्यभर मोठाले आर्क दिवे लावण्यात हयात गेलेली. ते सवयीनं भर उन्हातही चेहऱ्यावरची सावली भरायला दिवे लावून ठेवत आणि हा परदेशी माणूस येऊन सांगे, बंद करा. पुन्हा लावले की पुन्हा बंद. दिवसभर तयारी आणि तालीम, मग ती २०-२५ मिनिटं पळापळ, मग घरी. कित्येकांना वाटलं याला काम येत नाही. काहींनी काम सोडलं. अमेरिकन युनियनच्या नियमांमुळे त्याला स्वतः कॅमेरा चालवायचीही मुभा नव्हती. युरोपात तो स्वतःच चालवायचा. हे सगळं त्यानं लिहिलंय.

रात्रीच्या प्रसंगांतही तोच शोध. शेकोटीचा उजेड दाखवायची जुनी रीत म्हणजे दिव्यासमोर काहीतरी फडफडवायचं. यानं गॅसच्या बर्नरची खरी ज्योतच उजेडासाठी वापरली. कंदिलांत छोटे विजेचे बल्ब बसवले, काच गडद नारिंगी रंगवली आणि वायर नटाच्या कपड्यांतून नेऊन कंबरेच्या बॅटरीला जोडली. म्हणजे नट कंदील घेऊन चालेल तसा उजेडही खरोखर त्याच्याबरोबर चालेल. टोळधाडीसाठी हेलिकॉप्टरमधून शेंगदाण्याची टरफलं आणि बिया टाकल्या, नटांना उलटं चालवलं आणि कॅमेऱ्यात फिल्म उलटी फिरवली. सुलट दाखवली की टोळ जमिनीवरून वर झेपावतात आणि माणसं पुढं चालतात. टोळांच्या बाबतीत फसवणूक चालेल, उजेडाच्या बाबतीत नाही, असा त्याचा हिशेब असावा.

त्याला हे चित्रण अर्धवट सोडावं लागलं, कारण त्रुफोला आधीच शब्द दिलेला होता. उरलेलं काम हॅस्केल वेक्सलर या मातब्बर अमेरिकन छायालेखकानं त्याच शैलीत पुरं केलं. ऑस्कर १९७९ मध्ये एकट्या आल्मेंद्रोसला मिळालं. वेक्सलरला ते लागलं. स्टॉपवॉच लावून चित्रपट मोजला आणि निम्म्याहून जास्त माझं आहे, असं त्यानं समीक्षक रॉजर एबर्टला कळवलं होतं. या वादात माझं मन थोडं वेक्सलरकडे झुकतं. मात्र आल्मेंद्रोसनं आपल्या पुस्तकात वेक्सलरच्या कामाचं मोकळेपणानं कौतुक केलंय, हे सांगायला हवं.

ते पुस्तक फ्रेंचमध्ये १९८० साली आलं, मग १९८२ मध्ये स्पॅनिश आणि १९८४ मध्ये इंग्रजी. प्रस्तावना त्रुफोची. रचना अगदी साधी: सुरुवातीला धंद्याविषयी काही विचार आणि मग एकेक चित्रपट, एकेक प्रकरण. कुठल्या खोलीला किती खिडक्या होत्या, कुठला दिवा कशाला लावला, काय फसलं. मी ते पहिल्यांदा हातात घेतलं तेव्हा कॅमेऱ्यातलं मला शून्य कळत होतं, तरी अडखळलो नाही. कारण परिभाषा आली की तो तिथंच थांबून ती गोष्ट कशासाठी लागली ते सांगतो आणि मगच पुढं जातो. नट-दिग्दर्शकांच्या भानगडी शोधायला जाल तर निराश व्हाल. आलेकान वाचताना रेम्ब्राँच्या चित्रांच्या दालनातून फिरल्यासारखं वाटतं, स्तोरारो वाचताना प्रवचनाला बसल्यासारखं. आल्मेंद्रोस वाचताना एखादा चांगला सुतार रंधा हातात घेऊन बोलतोय असं वाटतं.

ऑस्करनंतर अमेरिकेतली कामं आली. 'क्रेमर व्हर्सेस क्रेमर', 'द ब्लू लगून' आणि 'सोफीज चॉइस' यांच्यासाठी आणखी तीन नामांकनं मिळाली. 'सोफीज चॉइस'मध्ये ब्रुकलिनचा भाग रंगानं ऊबदार आहे आणि छळछावणीच्या आठवणी सुरू झाल्या की रंग उतरून जवळजवळ राखाडी होतात. मला ही जागा त्याच्या नियमाला जरा बाजूला ठेवणारी वाटते. खऱ्या आउशवित्झमध्येही आकाश निळंच असणार. पण इथं तो खोलीतल्या उजेडाचं कारण शोधत नव्हता, आठवणीतल्या उजेडाचं शोधत होता.

आणि मग त्याच्यातला 'बोहेमिया'चा लेखक परत आला. १९८४ मध्ये ओर्लांदो हिमेनेस लेआलबरोबर, म्हणजे ज्याच्या माहितीपटाची बाजू घेऊन नोकरी गमावली त्याच्याचबरोबर, त्यानं 'इम्प्रॉपर कंडक्ट' हा माहितीपट केला. विषय होता क्यूबात समलिंगी माणसांचा आणि वेगळा विचार करणाऱ्यांचा झालेला छळ, त्यांना पाठवलेल्या श्रमछावण्या. आल्मेंद्रोस स्वतः समलिंगी होता. काही वर्षांनी होर्हे उल्लाबरोबर 'नोबडी लिसन्ड' हा क्यूबातल्या राजकीय कैद्यांवरचा माहितीपट आला. कातरवेळेचा गहू टिपणाऱ्या माणसाच्या या फिल्ममध्ये 'छायालेखन' म्हणून नजरेत भरेल असं काहीच नाही. माणसं बसलेली आहेत आणि बोलतायत. चेहरा नीट दिसतो, आवाज नीट ऐकू येतो. पॅरिसमधल्या डाव्या मित्रमंडळींत हे सगळ्यांनाच रुचलं असं नाही. त्यांच्यासाठी क्यूबा अजून स्वप्न होतं.

४ मार्च १९९२ रोजी न्यूयॉर्कमध्ये एड्सशी संबंधित आजारानं तो गेला. वय ६१. त्याच वर्षी त्याच्या चित्रपटविषयक लेखांचा संग्रह 'सिनेमानिया' या नावानं स्पॅनिशमध्ये निघाला. ह्यूमन राइट्स वॉच या संस्थेनं आपल्या चित्रपट महोत्सवात त्याच्या नावानं पुरस्कार सुरू केला. तो छायालेखनासाठी नाही. मानवी हक्कांवर धाडसानं चित्रपट करणाऱ्याला तो देत असत.